रिकाम्या नकाशाचं भांडण

माझ्या साडूइतका बिनकामाचा भांडखोर अख्ख्या बुलढाणा जिल्ह्यात नाही, हे मी चौथी शिकलेला माणूस छातीठोक सांगतो. धाडच्या बाजारात त्याचं बियाण्याचं दुकान. गिऱ्हाईक मिरचीचं बी मागत उभं, आणि हा मोबाईलात डोकं घालून इंटरनेटवरच्या ज्ञानकोशात लिहून राह्यलेला. तिथं म्हणे कोणीही लिहावं, कोणीही खोडावं. विषय ठिपक्या-रेघांचं गणित. ठिपका म्हणजे गाव, रेघ म्हणजे रस्ता. कुठल्याही गावाहून कुठल्याही गावाला जाता आलं की नकाशा ‘जोडलेला’. इथवर मलाही समजतं. पण ज्या नकाशात एकही गाव नाही, तो जोडलेला का तुटलेला? यावरून याचं एका अनोळखी माणसाशी वर्षानुवर्षांचं वैर. यानं सकाळी ‘जोडलेला’ लिहावं, त्यानं दिवस मावळायच्या आत खोडावं. “अबे, आम्ही बांधावरून भांडलो, पण निदान बांध तरी होता!” मी म्हणायचो. “भाऊ, तुम्हाले नाही समजणार,” हा म्हणायचा, आणि गिऱ्हाइकाला मिरचीऐवजी वांग्याचं बी द्यायचा.

यंदा ऐन पेरणीत याचं वाक्य कोणी खोडलंच नाही. साडूनं बाजारभर पेढे वाटले. मग मात्र दिवसामागून दिवस गेले आणि याचं जेवण सुटलं. “भाऊ, मले तर त्याचं नावही ठाऊक नाही. आहे का गेला, कोणाले विचारू?”

मी म्हटलं, “त्याले सहन होणार नाही असं काही चुकीचं लिही.”

ज्यानं जन्मात बियाण्याच्या पुडीवरची छापील चूक खपवली नाही, त्यानं लिहिलं: सर्वांत जवळचा रस्ता शोधायचा तर दर फाट्यावर आखूड रेघ धरावी. असं कोणी धाडहून बुलढाण्याला निघालं तर कोणाच्या तरी गोठ्यात पोचेल, हे तर माझ्या बैलालाही कळतं.

दुसऱ्या दिवशी फोन. “भाऊ, खोडलं! वरून तो लिहिते, मी डोळ्याच्या ऑपरेशनले काय गेलो, तुम्ही अक्कल विकून आले का? जिता आहे भाऊ, जिता आहे!” साडू हसत होता का रडत, कळेना. माझ्याही छातीवरचं ओझं उतरलं. तोवर तिकडे त्यानं रिकामा नकाशाही पुन्हा तुटलेला करून टाकला होता.

घरची गेल्यापासून माझं बोलणं कोणी खोडत नाही. लेक-सुना ‘हो बाबा’ म्हणतात अन् कामाला लागतात. म्हणून बाजाराच्या दिवशी मी साडूच्या दुकानात जाऊन बसतो, चहा येईस्तोवर दम धरतो, अन् म्हणतो, “काही म्हण बे, तुहा नकाशा तुटलेलाच.”

तो गिऱ्हाईक सोडून माझ्याकडे वळतो.