मोनालीचं पांढरं पातळ

मारेगावच्या बसस्टँडमागे शीलाबाईचं शिलाईचं दुकान आहे. दुकान म्हणजे घराचीच पुढची खोली. तालुक्यात तिला ‘थंड हाताची शीला’ म्हणतात, कारण ती सरड्या शिवते.

सरड्या हा इथल्याच काळ्या मातीतला कापूस. पण त्याचं कापड धरणाऱ्याच्या मनाचा रंग घेतं. रागात तांबूस, भीतीत कोळशासारखं करडं, मन निवांत असलं की पांढरंशुभ्र. शेवटचा टाका घालून धागा तोडला, की त्या क्षणी जो रंग असेल तो कायमचा बसतो. शीलाबाईच्या हातून तीस वर्षांत एकही कपडा करडा उतरला नव्हता.

आज मात्र तिच्या मांडीवर पोरीचं लग्नाचं पातळ होतं आणि पदराचं हातभर हेमिंग राहिलं होतं. उद्या अकराला विहारात मोनालीचा मंगल परिणय. नवरीचं पांढरं पातळ आईच्या हातचं, तेही सरड्याचंच, ही वस्तीची रीत. ते डागाळलं तर लोक म्हणणार, आईच्या मनात हे लग्न नाही.

“शीले, झालं का वं पातळ?” शेजारची शकुबाई उंबऱ्यातूनच ओरडली. “दाखव तं जरा!”

शीलाबाईने पातळ मांडीखाली सरकवलं. “उद्या पाहाजो.”

“लपवून काहून राह्यली?”

“नजर लागते तुई.”

“माई नजर? मले चष्म्याबिगर ताटातलं वरण दिसत नाई!” शकुबाई हसत निघून गेली.

आतून मोनाली आली. तिने मांडीखालचं टोक ओढलं आणि तिथेच बसली.

“आई, हे तं करडं झालं.”

“होईन पांढरं. हात धुऊन घेते.”

“सकाळपासून चारदा धुतले तू.” मोनालीचा आवाज फाटला. “तुले धम्मदीप पसंत नाई, असं सांग ना सरळ!”

“पोरगं लाखात एक हाय. पण रोज जाते कुठं? जमिनीखाली.”

धम्मदीप वणीकडच्या एका कोळसा खाणीत कामाला होता. आणि मोनालीचे वडील, डोमाजी, अशाच एका खाणीत छत कोसळून गेले होते.

डोमाजीसाठी शीलाबाईने सरड्याचा एक रुमाल केला होता. त्याचा शेवटचा टाका तिने मुद्दाम घातला नव्हता. रोज कामावर निघताना ती तो त्याच्या हातात द्यायची. रोज पांढराच. “पाह्य,” तो हसायचा, “मले कायचं भेव?” त्या सकाळीही रुमाल पांढराच होता. छताची माती झरायला लागली तेव्हा बाकीचे थांबले. डोमाजी पुढे गेला.

मोनालीने आईला न विचारताच धम्मदीपला फोन लावला. तासाभराने दारात मोटारसायकल थांबली.

“जय भीम, मावशी.”

“जय भीम. बस.” शीलाबाईने सुई खाली ठेवली. “खाण सोडतं का?”

धम्मदीपने मोनालीकडे पाहिलं. मोनालीने भिंतीकडे.

“नाई सोडता येणार, मावशी. घर त्याच्यावरच हाय.”

“भेव नाई लागत?”

“मले?” तो छाती काढून हसला. “कायचं भेव?”

शीलाबाईला डोमाजी आठवला. तेच शब्द, तेच हसू. तिने पातळाचं टोक त्याच्यापुढे केलं.

“धर.”

“माये हात धुळीचे—”

“धर म्हणते ना!”

त्याने धरलं. बोटांखाली करडा डाग उमटला. पाहता पाहता तो पसरला, गडद होत गेला, पार कोळशासारखा. धम्मदीपने चटकन हात मागे घेतला. त्याचे कान लाल झाले.

“मावशी, कोणाले सांगू नका. खाली उतरतानी रोज पोटात गोळा येते. छताकडं पायल्याशिवाय मी पाऊल नाई टाकत. पोरं ‘आला घाबरट’ म्हणून हासतात.”

“हासू दे मेल्यांले!” शीलाबाई एवढ्या जोरात म्हणाली की मोनाली दचकली. “रोज पाहतं? छताकडं?”

“रोज.”

“माती झरली तं?”

“सगळ्याच्या आधी मागं पळतो.” तो खाली मान घालून म्हणाला.

शीलाबाईने सुई उचलली. “ते टोक धर अन् सोडू नको.”

ती भरभर टाके घालत गेली. तिच्या बोटांकडून पांढरा रंग पुढे सरकू लागला, निरी-निरीने, पदरभर. धम्मदीपची मूठ घट्ट होती. शेवटचा टाका पडला. तिने दातांनी धागा तोडला.

पातळ पांढरंशुभ्र झालं होतं. फक्त धम्मदीपने धरलेल्या टोकाला दोन बोटांचा करडा ठसा बसला होता.

“आई, डाग राह्यला!” मोनाली रडकुंडीला आली. “लोकं काय म्हणतीन?”

“म्हणू दे. तो पदर उद्या पुढून घे, सगळ्याले दिसला पायजे.” मग ती जावयाकडे वळली. “अन् तू, लग्नानंतरही असाच भेत जाजो.”