पार्सलवर तिचं नाव होतं

सायवनकडच्या त्या बाईचं प्रकरण आठवलं की आजही माझी मान खाली जाते. तेव्हा मी डहाणू तालुक्यात एका पोलीस ठाण्याचा प्रभारी होतो.

ऑनलाइन मागवलेल्या क्रीमने एका मुलीचा चेहरा भाजला. माल बनावट निघाला. पार्सलवर विक्रेती म्हणून या बाईचं नाव, पत्ता आणि तिच्याच आधारवर काढलेला जीएसटी नंबर. मला आणखी काय हवं होतं? महिला शिपाई बरोबर घेतली, भरदुपारी पाड्यावर गेलो आणि सगळ्यांदेखत तिला जीपमध्ये बसवलं. नोटीस देऊन जबाब घेता आला असता. पण वरून फोन येत होते आणि मला ‘आरोपी अटकेत’ असं कळवायची घाई झाली होती.

शेतमजुरीवर जगणारी बाई. "मना ठावं नाय, साहेब," एवढंच म्हणायची.

मी टेबलावर हात आपटला. "नाव तुझं, आधार तुझं, मग माल काय भुतानं विकला?"

ती रडली नाही. तिनं एवढंच विचारलं, "अंगणवाडीत मदतनीस म्हणून माझा नाव लागलाय, साहेब. आता जाईल काय तो?"

मी अटकेचे कागद भरायला घेतले.

महिला शिपायाने तिला चहा दिला आणि शांतपणे विचारलं, "बाई, अंगठा कुठं कुठं दिला होतास?" तेव्हा कळलं. घरकुल मिळवून देतो म्हणत एक माणूस मशीन घेऊन पाड्यावर आला होता आणि लोकांचे अंगठे व आधारच्या झेरॉक्स घेऊन गेला होता. तिकडे रेशनपासून सगळं अंगठ्यावर चालतं, मशीन पुढं केलं की कुणी काही विचारत नाही. त्याच सुमारास हायवेवरच्या अच्छाड गावातल्या एका ढाबेवाल्याने खबर दिली की ढाब्यामागच्या गाळ्यातून रोज टेम्पोभर पार्सलं निघतात. जीएसटी नोंदणीवरचा मोबाइल त्या गाळेवाल्याचाच निघाला. छाप्यात बनावट लेबलं आणि पाड्यांवरच्या लोकांच्या आधारच्या झेरॉक्स सापडल्या. तो मोबाइल नंबर पहिल्या दिवसापासून माझ्या फाइलमध्ये होता. मी तो तपासलाच नव्हता.

बाई सुटली. ती निर्दोष असल्याचं पत्र अंगणवाडीच्या कार्यालयाला द्यायचं होतं. आज देऊ, उद्या देऊ करत मी राहिलो. पत्र पोहोचेपर्यंत दुसरीची नेमणूक झाली होती.

मी स्वतः पाड्यावर गेलो आणि तिला ते सांगितलं. वर म्हणालो, "पण तू निर्दोष आहेस, तसं कागदावर आलंय."

"ता मना पहिलाच ठावं होता," ती म्हणाली. "या घरांना सांगा ना, साहेब."

आठ-दहा घरं होती. लोक दारात उभे राहून बघत होते. वर्दीत त्यांच्यासमोर चूक कबूल करायची मला लाज वाटली. "सांगतो, सांगतो," म्हणत मी निघून आलो.

ऑनलाइन धंद्यात नाव एकाचं आणि दुकान दुसऱ्याचंच असू शकतं, आधी मोबाइल नंबर तपासा, असं मी पुढे नव्या फौजदारांना शिकवत असे. ते वहीत उतरवून घेत. त्या आठ-दहा घरांना मात्र मी अजून काही सांगितलेलं नाही.