आईकडचं मूळ

"मूळ कुठचं?" शेलूबाजारात नवा माणूस दिसला की तिचा हा प्रश्न ठरलेला. चहापाणी नंतर. माणूस केनवडचा निघाला, तर त्याची आत्या आसेगावात कोणाकडे दिली हे तीच त्याला सांगायची.

ती आमच्या शेजारी राहायची आणि सोयरिकी जमवायची. तुम्हीही अशी बाई पाहिली असेल. लग्नात तिला मान, आणि पुढे नवरा-बायकोत भांडण झालं की तिच्याच नावानं खडे. मुलीचं रंगरूप ती बघायचीच नाही. "बापाचं घर समद्यायले दिसते. बिमारी मामाकडून येते," म्हणायची. एवढ्यावरून तिनं कितीतरी पोरी नापास केल्या. "तू डॉक्टरच व्हायची होती," असं मी चिडवलं की खूश व्हायची.

एका सकाळी तिनं दार लावलं आणि माझा हात आपल्या छातीवर ठेवला. गाठ लिंबाएवढी होती. काही वाटलंच नाही मला.

अकोल्याला मीच सोबत गेले. नर्ससमोरच डॉक्टरीणबाईंनी विचारलं, "आई, मावशी, बहीण, कोणाला असा कॅन्सर होता का? असला तर तुमच्या मुलीलाही तपासावं लागेल."

"कोणालेच नाही."

परतताना जीपमध्ये हळूच म्हणाली, "मायले होता. मावशीलेबी."

"मंग खोटं काहून बोलली?"

"पोरीची सोयरीक केनवडले झाली न! थे नर्स केनवडचीच हाय, मूळ इचारलं म्या. आन इलाजानं केस गेले की गावाले समजते. लगन होऊ दे."

लग्न थाटात झालं. मग इलाज सुरू केला, पण उशीर झाला होता. पोरीला आणि सासरच्यांना पोटाचं दुखणं सांगितलं गेलं. तिच्या तेरवीला मी पोळ्या लाटल्या. रडू आलं नाही, अजूनही येत नाही. नवा माणूस दिसला की तेवढं तिच्या ओट्याकडे बघते.

परवा पोरगी तान्ही लेक घेऊन आली. "मावशी, मायले काय झालं होतं? पोटाचं नोको सांगू."

मी सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "अकोल्याले चाल माह्यासोबत."

तोच दवाखाना, तोच प्रश्न. केनवडची नर्स दाराशीच उभी होती. पोरीनं तिच्याकडे पाहिलं, पण आवाज कमी केला नाही.

"आजीले होता. आजीच्या बहिणीले. मायले." मग मांडीवरच्या तान्हीचं पांघरूण नीट केलं. "हे माही लेक. हिले मी सांगीन."