वीराला शेंदूर

चऱ्होलीचा तो वीरगळ मला तिरप्या उन्हात हवा होता. दुपारी कोरीवकाम सपाट दिसतं. चारनंतर ऊन आडवं पडलं की एकेक गाय उठून उभी राहते. होय, गायीच. गावाची गुरं वाचवताना एक गडी लढून मेला, म्हणून शेकडो वर्षांपूर्वी गावानं हा दगड कोरला. प्राचीन वारशावर माहितीपट करताना असले दगड मी पुष्कळ पाहिलेत, पण बहुतेक शेंदरानं बुजलेले. हा बाभळींच्या आड राहिला होता, परवा झुडपं काढली तेव्हा उजेडात आला. कोरा करकरीत! मी जाम खूश होतो राव.

आणि सकाळीच दगडाशेजारच्या घरातल्या मावशी तेलात शेंदूर कालवून हजर. "शूटिंग हाय न्हवं? मग देव असा उघडाबोडका दावायचा व्हय?"

माझं डोकंच फिरलं. "मावशी, हा देव नाही, वीर आहे. खबरदार हात लावाल तर!" वर लांबलचक व्याख्यानही झोडलं. मावशी वाटी घेऊन आपल्या पायरीवर जाऊन बसल्या, तोंड फुगवून.

तीनच्या सुमाराला जेसीबी आला. नव्या सोसायटीचा रस्ता इथूनच जाणार होता. दगड उचलून भरावात टाकायचा, असा हुकूम. मी आडवा उभा राहिलो. इतिहास सांगितला, कायदा सांगितला, गळ्यातलं ओळखपत्र नाचवलं. ड्रायव्हर परभणीकडचा, शांत माणूस. "दादा, तुमचं खरं असंल. पण मला काम सांगितलंय. दगडच आहे ना?"

चार ठिकाणी फोन लावले, कुणी उचलेना. बकेट वर उठली. माझी नजर पायरीकडे गेली.

"मावशी, आणा ती वाटी!"

"आता का? सकाळी तर वीर हुता की!" म्हणाल्या, पण लगबगीनं आल्या. दोघांनी मिळून दगड थापून थापून लाल केला. गायी गेल्या, तलवार गेली, माथ्यावरचे चंद्रसूर्यही गेले. मला अक्षरशः रडू येत होतं. मावशींनी वर जास्वंदीचं फूल ठेवलं.

ड्रायव्हरनं इंजिन बंद केलं, खाली उतरला, चपला काढल्या. "कोणता देव हो?"

मावशी माझ्याकडे बघायला लागल्या. डोळ्यांत नुसती मजा.

"जागृत आहे, भाऊ," मी म्हणालो.

त्यानं हात जोडले आणि साहेबाला फोन लावला. "साहेब, देव आहे. मी नाही उचलत. दुसरा माणूस बघा." दुसरा कुणी तयार झाला नाही. शेवटी रस्ताच वळवला.

चारनंतर ऊन आडवं पडलं, अगदी मला हवं तसं. एक गाय दिसेल तर शपथ.

आता तिथं इमारती उठल्यात, आणि पार्किंगच्या कडेला लालभडक वीर उभा आहे. दर अमावास्येला मावशी नवा थर चढवतात. मी गेलेलो असलो की वाटी माझ्याच हातात देतात. मी गुपचूप लावतो. गायी आत आहेत.