मनमोहनरावांची तारीख

मनमोहनराव तळपदे न्यायाधीश होते हे प्रभादेवीच्या त्या गल्लीत सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांनी एकही निकाल कधी धड वेळेवर दिला नाही, हे ठाऊक होतं वकिलांना आणि त्यांच्या बायकोला, सुमतीला. खटला समोर आला की ते चष्मा काढून पुसायचे आणि पुढची तारीख द्यायचे. घरातही तोच कारभार. मोरीचा नळ वर्षभर गळत होता, तरी "बघू पुढच्या महिन्यात."

पंचावन्नाव्या वर्षी त्यांच्या कामाचा आढावा झाला आणि वरच्यांनी त्यांना सक्तीने निवृत्त केलं. मग मात्र या माणसाला न्यायाची कोण घाई! हायकोर्टात धाव घेतली, आणि तिथे तारखा पडू लागल्या तसे घरी येऊन कडाकडा बोटं मोडायचे. "माणसाला किती ताटकळत ठेवायचं, काही लाज?" सुमती खाली मान घालून आमटी वाढायची. हसू दिसायला नको ना.

शेवटी पुकारा झाला. न्यायमूर्ती म्हणाल्या, "आम्ही सगळं वाचलंय. बोला."

मागच्या बाकावरून सुमती बघत होती. मनमोहनरावांनी चष्मा काढला, पुसला आणि ते आपल्या वकिलाच्या कानाशी लागले. वकील गोरामोरा झाला आणि पुढची तारीख मागू लागला.

"गरज नाही," न्यायमूर्ती म्हणाल्या. "यांचं काम कसं चालायचं ते आत्ताच दिसलं." याचिका फेटाळली.

"सुप्रीम कोर्टाचं बघू," बाहेर येताना मनमोहनराव पुटपुटले.

सुमतीने तिथेच प्लंबरला फोन लावला. "आजच या. साहेबांना विचारायचं आता काही कारण नाही."