दुपारी तीनची जर्मन मालिका

तीन बायका आणि एक टीव्ही, एवढ्या भांडवलावर किती किस्से जमावेत? साताऱ्यातल्या आमच्या कॉलनीत पोतंभर साठलेत. मी, एकट्या राहणाऱ्या निवृत्त शिक्षिका सुमनताई, आणि कुसुमकाकू. काकांच्या माघारी काकूही एकट्याच. मुलगा अजित जर्मनीत. त्यानंच त्यांच्या टीव्हीवर तिकडची घरगुती मालिका लावून दिली, हिंदीत डब केलेली. "बघून ठेव आई, तुला इकडंच यायचंय," म्हणाला. काकूंनी एकटीनं बघायला नको म्हणून रोज दुपारी तीनला आम्हा दोघींना बोलावलं.

*

पहिल्याच दिवशी धक्का. मालिकेतला मुलगा सख्ख्या आईला फोन करून विचारतो, रविवारी चारला आलो तर चालेल का! सुमनताई दोन दिवस त्यावरच बोलत होत्या. तिसऱ्या दिवशी माझा फोन वाजला. "येऊ का?" बघते तर ताई माझ्याच पायरीवर उभ्या, चप्पल काढून.

*

संध्याकाळचं जेवण काय, तर गार पाव आणि चीज. अख्खं घर तेच खातं, वर हसतं.

"चूलच पेटवत न्हाईत व्हय गं?" काकूंचे डोळे भरले. त्याच आठवड्यात अजितला कुरियरनं शेंगदाण्याची चटणी गेली.

*

घटस्फोट झालेली बायको नवऱ्याच्या वाढदिवसाला केक घेऊन आली. नव्या बायकोनं तो कापून सगळ्यांना वाढला. आमच्या हातातल्या चहावर साय धरली. शेवटी सुमनताई म्हणाल्या, "केक बाकी लय चांगला फुगलाय."

*

पण खरा हादरा दिला त्यातल्या आजीनं. मुलं, नातवंडं सगळं असताना म्हातारी सामान उचलून मैत्रिणीकडं राहायला गेली. काकूंनी टीव्हीच बंद केला. "पोटची पोरं असताना? लाज कशी वाटत न्हाई!" त्या दिवशी आम्हाला चहासुद्धा मिळाला नाही.

*

मे महिन्यात अजित आला. काकूंचं तिकीट काढलेलं, घराला सांगलीहून बदलून आलेला भाडेकरू ठरवलेला. काकूंना जायचं नव्हतं, हे मला पक्कं ठाऊक. वाटलं, आता रडारड होणार. पण त्या एकदम शांत. भाडेकरू चांगला हाय म्हणाल्या, त्याला चहाही पाजला.

निघायच्या दिवशी मी डोळे पुसत दारात उभी. टॅक्सी आली. अजित सगळ्या खोल्या फिरून बाहेर आला.

"आई, तुझी बॅग कुठाय?"

"सुमनकडं. कालच नेऊन ठेवली." काकूंनी पायात चप्पल सरकवली. "आन् हे बघ बाळा, तिच्याकडं यायचं असलं तर आधी फोन करत जा."