पिवळा वीस

ज्योतीराम सुरवसे यांना आकडे वाचायचा कंटाळा होता आणि त्या कंटाळ्याचा त्यांना अभिमान होता. चाकणच्या एका कंपनीत मोटारींसाठी वायरींचे जुडगे बनत. तिथं त्यांची एकोणतीस वर्षं गेली होती, त्यातली शेवटची चौदा लाइनच्या टोकाला, तपासणीच्या टेबलावर. जुडग्याला जोडलेला फ्यूजबॉक्स समोर यायचा, आतल्या बावीस फ्यूजांवरून त्यांची नजर एकदा फिरायची आणि शिक्का बसायचा. फ्यूजच्या डोक्यावर आकडा उमटवलेला असतो, नाही असं नाही. पण तो नवशिक्यांनी वाचावा. लाल दहा, निळा पंधरा, पिवळा वीस, बिनरंगी पारदर्शक पंचवीस, हिरवा तीस. लाइनवरचा जुना माणूस रंग बघतो आणि पुढं सरकतो. कंपनीत पोरं त्यांना मागून 'एक्सरे' म्हणत, आणि हे त्यांच्या कानावर जावं अशी व्यवस्थाही करत.

नव्या लाइनींवर हे काम आता कॅमेरा करतो. ज्योतीरामांची लाइन जुन्या मॉडेलची, तिथं अजून माणूस होता. "कॅमेऱ्याला चहा लागत न्हाई, एवढाच काय तो फरक," असं ते म्हणत. निलंग्याकडची बोली त्यांच्या जिभेवरून तीस वर्षांत गेली नव्हती.

गेल्या गुरुवारी मात्र एक बॉक्स परत आला. विसाच्या जागी पंचवीसचा फ्यूज बसलेला आणि वर शिक्का ज्योतीरामांचा. फ्यूजचं काम असतं वेळेला स्वतः जळून तार वाचवण्याचं. तोच जास्त सहन करणारा निघाला, तर आधी तार तापते आणि मग गाडी. त्यामुळे बॉक्स एकच असला तरी बोंब मोठी झाली.

सुपरवायझर शेखरने दोघांना बोलावलं. एक ज्योतीराम आणि दुसरी पूनम. पूनम चाकणजवळच्या गावातली, शेतकऱ्याच्या घरातली, कंत्राटावर लागून पाच महिने झालेली. बॉक्समध्ये फ्यूज भरायचं काम तिचं.

"काका, ती जागा मोकळी ऱ्हायली व्हती माझ्याकडनं," पूनम खालच्या आवाजात म्हणाली. "तुमीच भरली तुमच्या डब्यातनं."

हे अगदीच शक्य होतं. नियम असा की जागा मोकळी दिसली तर तपासणाऱ्याने बॉक्स थांबवायचा, लाल चिठ्ठी लिहायची आणि माल मागं पाठवायचा. चिठ्ठी भरणाऱ्याच्या नावावर चढते, आणि तीन चिठ्ठ्या झाल्या की कंत्राटी पोरीला दुसऱ्या दिवसापासून येऊ नको म्हणतात. म्हणून टेबलावरची जुनी माणसं आपल्या डब्यातला एक फ्यूज काढून गुपचूप मोकळ्या जागेत दाबत आणि बॉक्स पुढं ढकलत. लाइनवर याला कुणी चूक म्हणत नसे, माणुसकी म्हणत. ज्योतीरामांनी अशी माणुसकी दिवसाला दोन-तीनदा केली असेल. नेमकी त्या बॉक्सला केली का, हे त्यांना आठवत नव्हतं.

"भरला असंल बी," ते म्हणाले. "पन मी भरला तर पिवळाच भरला असंल. चौदा वर्षांत माझी नजर चुकली का, इचारा कुनालाबी."

शेखरने कुणाला विचारलं नाही. एका बाजूला चौदा वर्षं, दुसऱ्या बाजूला पाच महिने. पूनम पुन्हा काही बोलली नाही, आणि ती गप्प बसली त्याचा अर्थ सगळ्यांनी आपापल्या सोयीने लावला. शेखर म्हणाला, "सोमवारी बघू." या 'सोमवारी बघू'चा अर्थ काय, हे कंपनीतल्या झाडूवाल्यालाही ठाऊक होतं.

ज्योतीराम दुष्ट नव्हते. त्यांना पोरीचं वाईट वाटलं. पण आपण बरोबर असताना जे वाईट वाटतं ते फार काळ टिकत नाही. घरी त्यांनी बायकोला, सुमनताईंना, सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, "पोरगी खोटं कशाला बोलंल? जागा मोकळी ऱ्हायली हे तर तिनं सोताच सांगितलं." यावर ज्योतीरामांनी विषयच बदलला. हँगरवरचा सदरा पुढं करून, पांढरे कपडे असे पिवळट का धुतले जातात, असं विचारलं. हे त्यांचं वर्षभर चाललं होतं. सुमनताईंनी आधी साबण बदलला होता, मग नीळ वाढवली होती आणि शेवटी नाद सोडला होता.

रविवारी रावेतला बारसं होतं. दिघीच्या घरासमोर त्यांची अठरा वर्षांची हिरवी गाडी उभी होती. दसऱ्याचा झेंडूचा हार वाळून बॉनेटवर अजून तसाच होता. ऑक्टोबरच्या उन्हात गाडी आतून भाजत होती, आणि त्यांची मुलगी स्वरूपा पंखा लावायला गेली तर पंखा ढिम्म. स्वरूपा एका शाळेत कॉम्प्युटर शिकवायची. तिने लगेच मेकॅनिकचं नाव काढलं.

"मेकॅनिक?" ज्योतीराम म्हणाले. "ह्या घरात?"

एवढ्यावर त्यांनी बाह्या सरसावल्या. किल्ली काढून घेतली, कारण चालू गाडीत फ्यूजला हात लावणारा माणूस त्यांच्या लेखी माणूसच नव्हता. ड्रायव्हरच्या उजव्या गुडघ्याजवळचं झाकण काढलं. झाकणाच्या आत कोणता फ्यूज कशाचा याचा नकाशा असतो. या गाडीतला निम्मा पुसला होता, पण त्यांना तो तोंडपाठ होता. दुसरी रांग, डावीकडून चौथा, पंख्याचा. बॉक्समध्येच अडकवलेल्या प्लास्टिकच्या चिमट्याने त्यांनी तो सरळ वर ओढला आणि आभाळाकडे धरला. आतली पातळ पट्टी मधोमध तुटली होती.

"गेला," ते म्हणाले, आणि तो स्वरूपाच्या तळहातावर ठेवला. "आता लगेच दुसरा लावशील तर तोबी जाईल. फ्यूज उगाच जात नसतो. आदी कारन शोधायचं."

कारण डाव्या बाजूला, डॅशबोर्डच्या पोटात निघालं. तीन स्क्रू काढून पंखा खाली घेतला तर पात्यांत झेंडूच्या वाळक्या पाकळ्यांचा गोळा अडकलेला. काचेखालच्या जाळीतून दसऱ्याची पूजा थेट मोटारीत पोचली होती. मोटार अडली, वीज जास्त ओढली गेली, फ्यूज जळला. ज्योतीरामांनी पाकळ्या काढल्या, पातं बोटाने गरागरा फिरवून पाहिलं, पंखा परत चढवला. बारशाला उशीर होत होता, पण त्यांना इतकं बरं कित्येक दिवसांत वाटलं नव्हतं.

मलमाच्या रिकाम्या डबीत ते जास्तीचे फ्यूज ठेवत. त्यातला एक उचलून त्यांनी जागेवर दाबला, किल्ली फिरवली आणि पंखा भरारा वारा टाकू लागला.

"बगितलंस? पिवळ्याच्या जागी पिवळा. आकडा वाचायची गरज न्हाई."

स्वरूपा मोबाईलचा उजेड धरून वाकली होती. ती म्हणाली, "पप्पा, जळलेला पिवळा होता. तुम्ही लावलेला बिनरंगी आहे."

"चेष्टा करायलीस का?"

तिने किल्ली बंद केली, चिमट्याने तो फ्यूज ओढून काढला आणि वाचला. "पंचवीस."

ज्योतीरामांनी दोन्ही फ्यूज तिच्याकडून घेतले आणि उन्हात बॉनेटवर शेजारी शेजारी ठेवले. दोन्ही सारखेच दिसले, हळदीचं दूध निवल्यावर दिसतं तसे. त्यांनी चष्मा पुसला. एक डोळा झाकला, मग दुसरा. स्वरूपाने जळलेला बाजूला ठेवून डबीतला चांगला पिवळा घेतला, दोन्ही मुठीत घोळवून पुन्हा मांडले आणि पिवळा कुठला ते विचारलं. असं तीनदा केलं. पहिल्यांदा त्यांचं बरोबर आलं, पुढं दोनदा चुकलं. चौथ्यांदा त्यांनीच हात वर केला.

तेवढ्यात सुमनताई गॅलरीत आल्या. त्यांच्या हातात सदरा होता. "अहो, हा घालनार का बारशाला? आज तरी पांढरा दिसतोय का?"

ज्योतीरामांना सदरा पिवळटच दिसत होता. मग त्यांनी मुलीला हळूच विचारलं, "कसा हाय गं रंग?"

"पांढराशुभ्र. उलट नीळ जरा जास्तच झालीय."

ज्योतीरामांना भीती वाटली. पण डोळ्यांची भीती नंतर वाटली. आधी पूनमचा चेहरा समोर आला, आणि तिचं ते एकच वाक्य. स्वतःची अशी लाज वाटली की अंगणात उभं राहवेना. त्यांनी किल्ली स्वरूपाच्या हातात दिली आणि स्वतः डावीकडे बसले. अठरा वर्षांत या गाडीत ते पहिल्यांदाच डावीकडे बसत होते. मागच्या सीटवर बसत सुमनताईंनी विचारलं, काय झालं. "डोळे दाखवावे म्हनतो," ते म्हणाले.

बारशात ते जेवले, बाळाला हातात घेतलं, नाव काय ठेवलं ते परत येईपर्यंत विसरले. दोन्ही फ्यूज त्यांच्या खिशात होते. खिशात हात घालून त्यांनी नखाने त्यांची डोकी चाचपली. आकडा उमटवलेला होता, बोटाला कळत होता. एवढी सोपी गोष्ट ते चौदा वर्षं दुसऱ्यांवर सोडून देत आले होते.

सोमवारी पहिल्या शिफ्टच्या बसमधून उतरले ते थेट शेखरच्या टेबलाशी गेले. पूनम तिथं आधीच उभी होती, जेवणाच्या डब्याची पिशवी हातात तशीच. तिला इथूनच परत जावं लागेल असं वाटत असावं.

ज्योतीरामांनी दोन्ही फ्यूज टेबलावर ठेवले.

"शेखरभाऊ, ह्यातला पिवळा कोनचा?"

शेखर वैतागला. "काय राव काका, सकाळी सकाळी. हा."

"मला कळत न्हाई," ज्योतीराम म्हणाले. "काल घरच्या गाडीत मीच विसाच्या जागी पंचवीस लावला आन् छाती फुगवून लेकीला दाखवला. त्या दिवशी बी तसंच झालं असनार. पोरगी खरं बोलली. जागा मी भरली, चिठ्ठी लिवली न्हाई, आन् वर तिलाच खोटी ठरवली."

चौदा वर्षांचा शिक्का काढून घेणं शेखरच्याही जिवावर आलं होतं. शेवटी तो म्हणाला, "डोळे दाखवून घ्या. मोतीबिंदू असेल, ऑपरेशन होतं. तोवर टेबलावर नका बसू, स्टोअरमध्ये बसा. आणि आजपासून रंग बंद. टेबलावर जो कोणी असेल त्याने आकडा मोठ्याने वाचायचा." मग पूनमकडे बघून, "तू जा लाइनवर."

"थांब," ज्योतीराम म्हणाले. त्यांनी लाल चिठ्ठ्यांचं पुस्तक मागून घेतलं आणि उभ्याउभ्याच एक चिठ्ठी लिहिली. इतक्या वर्षांत त्यांनी अशा चिठ्ठ्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्याच लिहिल्या होत्या. रकाने बारीक होते. बरोबर ओळीत लिहिलं का, हे त्यांना नीट दिसेना. त्यांनी ती पूनमपुढं धरली.

"वाच."

पूनमने वाचलं. "जागा मोकळी, पूनम. विसाच्या जागी पंचवीस, ज्योतीराम सुरवसे." तिने चिठ्ठी टेबलावर ठेवली. स्वतःच्या नावाबद्दल तिची काही तक्रार दिसली नाही.

"एक इचारू?" ज्योतीराम म्हणाले. "त्या दिवशी एकदाच बोललीस. पुन्हा का न्हाई बोललीस?"

पूनमने पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

"काका, त्याच्या आदी बी तुमी माझ्या तीन जागा भरल्या व्हत्या. चिठ्ठ्या लिवल्या असत्या तर मी गणपतीच्या आदीच घरी बसले असते. मग तुमास्नी चारचौघांत खोटं कसं पाडायचं?"

बाहेर लाइन सुरू झाल्याची घंटा वाजली. ज्योतीरामांनी टेबलावरचे दोन्ही फ्यूज उचलले आणि नखाने चाचपून वीस कुठला ते पाहिलं.

"पाडायचं, पोरी," ते म्हणाले. "दोनदा बोलायचं व्हतंस."